जावाच्या पडद्यावरची अमानत

जावा बेटावरच्या मुसलमान घरात मुलाची खतना असो, मुलीचे लग्न असो किंवा गावाने भाताची कापणी उरकलेली असो, ऐपत असलेला यजमान अंगणात पांढरा पडदा बांधून घेतो आणि रात्रभर महाभारताचा खेळ लावतो. खेळ करणारा बहुधा मुसलमान, वाद्ये वाजवणारे मुसलमान, चटईवर बसून पाहणारे बहुतेक गावही मुसलमान. पडद्यावर मात्र अर्जुन, भीम, द्रोण आणि कृष्ण. रात्री नऊच्या सुमारास सुरू झालेला खेळ पहाटे संपतो.

मी शाळेत उर्दू आणि मराठी शिकवते. एका तासाला गझल, पुढच्या तासाला अभंग, असा माझा रोजचा दिवस. त्यामुळे दूरच्या एका मुसलमान समाजाने ही कथा इतकी आपलीशी कशी केली, हे मला समजून घ्यायचे होते. उन्हाळ्याच्या सुट्टीत मी इंग्रजी सबटायटल्स असलेले काही खेळ घरी बसून पाहिले, त्याविषयी हाती लागले ते वाचले. जसजसे पाहत गेले, तसतसे माझे लक्ष खेळाइतकेच त्या खालच्या ओळींकडे जाऊ लागले. कोणीतरी हे शब्द ऐकले, लिहून काढले, त्यांचा अर्थ लावला, म्हणून ते कोकणातल्या एका घरापर्यंत पोचले. आज मला त्या कामाबद्दल लिहायचे आहे.

या खेळाचे नाव 'वायांग कुलित'. कुलित म्हणजे कातडे. म्हशीचे कातडे वाळवून, घासून, त्यावर छिन्नीने बारीक जाळी कोरतात आणि मग रंगवतात. बाहुली धरायला म्हशीच्या शिंगाची काडी असते. हात खांद्यात आणि कोपरात हलतात. पडद्याच्या तळाशी केळीचा आडवा सोट ठेवलेला असतो, त्यात बाहुल्या खोचून उभ्या करतात. वर एक दिवा टांगलेला. पूर्वी तो खोबरेल तेलाचा असे, आता बहुधा विजेचा असतो. त्या दिव्याखाली मांडी घालून बसतो तो 'दालांग'. सगळ्या पात्रांचे आवाज तोच काढतो, गातो तोच, कथा सांगतो तोच. हातातल्या लाकडी ठोकळ्याने तो बाहुल्यांच्या पेटीवर ठोके देतो आणि पायाने पेटीला टांगलेल्या धातूच्या पट्ट्या वाजवतो. त्या इशाऱ्यांवर मागे बसलेला 'गामेलान'चा वाद्यमेळ चाल बदलतो. रात्रभर दालांग जागचा उठत नाही.

रात्रीचे तीन भाग असतात. पहिल्या भागात दरबार भरतो आणि पेच उभा राहतो. मध्यरात्रीनंतर सेमार आणि त्याची तीन मुले, गारेंग, पेत्रुक आणि बागोंग, पडद्यावर येतात. हे पांडवांचे सेवक. आपल्याकडच्या सोंगाड्यासारखे ते थट्टा करतात, गावच्या कारभाऱ्यापासून भाववाढीपर्यंत सगळ्यावर बोलतात. पहाटेच्या भागात लढाई होते आणि पेच सुटतो.

हा खेळ इस्लामच्या आधीपासूनचा आहे. इसवी सन ९०७ च्या एका ताम्रपटात भीमाची कथा सांगणाऱ्या वायांगचा उल्लेख आहे. इस्लाम जावात आला तो मुख्यतः व्यापाऱ्यांच्या आणि सूफींच्या मार्गाने. ग्रेसिक बंदरात १४१९ साली वारलेल्या मौलाना मलिक इब्राहिम (रह.) यांच्या कबरीवरचा कोरीव दगड गुजरातेतल्या खंबायतहून आला असावा, असे बरेच अभ्यासक मानतात. जावात इस्लाम पसरवणाऱ्या नऊ बुजुर्गांना तिथे 'वाली सोंगो' म्हणतात. 'सोंगो' म्हणजे नऊ, आणि वली हा शब्द तर आपल्या ओळखीचाच आहे. त्यांपैकी सुनान कालिजागा (रह.) यांचे नाव वायांगशी जोडले जाते. ते स्वतः दालांग होते, खेळ पाहण्याचे मोल म्हणून त्यांनी पैशाऐवजी लोकांकडून कलमा पढवून घेतला, अशी आख्यायिका जावात घरोघर सांगतात.

आणखी एक आख्यायिका 'कलिमसदा'ची आहे. जावातल्या कथेत युधिष्ठिराजवळ एक पवित्र पोथी आहे, तिचे नाव कलिमसदा. बाकीचे पांडव गेले तरी युधिष्ठिराला मरण येत नाही, कारण त्या पोथीत काय लिहिले आहे ते त्याला वाचता येत नाही. शेवटी सुनान कालिजागा त्याला भेटतात, पोथी वाचून दाखवतात. तिच्यात कलमा-ए-शहादत निघतो आणि धर्मराज शांतपणे डोळे मिटतो. भाषेचे अभ्यासक सांगतात की हा शब्द त्याहून जुना आहे; ११५७ सालच्या 'भारतयुद्ध' या जुन्या जावानी काव्यात तो 'कलिमहोषध' या रूपात येतो. मला दोन्ही गोष्टी महत्त्वाच्या वाटतात. शब्द संस्कृत वळणाचा होता, हे खरे. लोकांनी त्यात आपला कलमा ऐकला, हेही तितकेच खरे. नोंद ठेवणाऱ्याने यातली एकच बाजू लिहिली, तर जावाचा मुसलमान आपल्याला कळणारच नाही.

आमच्या घरात यावर बोलणे झाल्याशिवाय राहिले नाही. माझे सासरे, आमचे अब्बा, पाच वक्त नमाजी माणूस. दोन रात्री ते बाजूला बसून पाहत होते. तिसऱ्या रात्री म्हणाले, "बेटा, खेळ सुरेख आहे. पण बाहुल्या म्हणजे तसवीर. आणि कथा दुसऱ्यांची. आपल्या माणसांनी हे का करावे?"

मी म्हटले, "अब्बा, हाच सवाल तिथेही विचारतात."

आणि ते खरेच आहे. सजीवांच्या प्रतिमेला असलेली मनाई लक्षात घेऊन जावाच्या बाहुल्यांचे रूप बदलले गेले, असे तिथली परंपरा सांगते. हात गुडघ्यांच्या खाली जाणारे, नाक सुईसारखे, मान लांब, खांदे अशक्य वळलेले. शिवाय दिसते ती नुसती सावली. शेजारच्या बाली बेटावर हिंदू बहुसंख्य आहेत आणि तिथल्या बाहुल्या माणसाच्या अंगलटीला जवळच्या आहेत, हा फरक लोक दाखवतात. तरीही सगळ्यांचे समाधान झालेले नाही. काही उलेमांना या खेळाबरोबर येणारे जुने विधी मान्य नाहीत. २०२२ साली एका धर्मोपदेशकाच्या वायांगविषयीच्या बोलण्यावरून इंडोनेशियात मोठी चर्चा झाली. दालांग नाराज झाले, उपदेशकाने खुलासा करून माफी मागितली. मी मुफ्ती नाही आणि फतवा देणे माझे काम नाही. पण एक दिसते, की ज्यांनी हा खेळ शतकानुशतके जपला ते नमाज-रोजा पाळणारे लोक आहेत, आणि त्यांचा हा आपसातला सवाल-जवाबही त्या वारशाचा भाग आहे. अब्बा यावर "हं" एवढेच म्हणाले. चौथ्या रात्री मात्र ते आमच्या आधी येऊन बसले होते.

आता नोंदीकडे येते. बाहेरच्या जगाला वायांगची माहिती व्हायला दोनशे वर्षांहून अधिक काळ झाला. जावाचा इंग्रज गव्हर्नर राहिलेल्या रॅफल्सने १८१७ साली छापलेल्या जावाच्या इतिहासात या खेळाचे वर्णन दिले. पुढे राजवाड्यांनी दालांग घडवणाऱ्या शाळा काढल्या. सुराकार्ता इथे १९२३ मध्ये, योग्याकार्ता इथे १९२५ मध्ये. तोवर ही विद्या बहुतांशी बापाकडून मुलाकडे जायची, आता ती लिहून शिकवली जाऊ लागली. नंतर रेडिओ आला. मग कॅसेटचा जमाना आला. नार्तोसाब्दो नावाच्या थोर दालांगचे (१९२५–१९८५) रात्रभराचे खेळ अनेक कॅसेटच्या संचांत विकले जात, आणि पडदा नाही, सावली नाही, तरी लोक नुसता आवाज ऐकत. जकार्तात १९७५ साली वायांगचे संग्रहालय उघडले. युनेस्कोने ७ नोव्हेंबर २००३ रोजी या कलेचा गौरव केला आणि २००८ साली मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत तिला स्थान दिले. अमेरिकेतल्या येल विद्यापीठाच्या कलादालनाकडे तर इंडोनेशियातल्या सुमारे २०,००० बाहुल्यांचा संग्रह आला आहे.

वीस हजार! पण काचेमागची बाहुली बोलत नाही. आणि इथेच मला आपल्या उर्दूतली एक गोष्ट आठवते.

दास्तान-ए-अमीर हमजा आपल्यापैकी अनेकांनी निदान ऐकलेली आहे. लखनऊच्या नवल किशोर छापखान्याने ती ४६ जाडजूड खंडांत छापली. एवढी मोठी दास्तान कागदावर सुरक्षित झाली. पण ती सांगणारा? दिल्लीचे मीर बाकर अली हे शेवटचे नामांकित दास्तानगो. १९२८ साली त्यांचा इंतकाल झाला आणि त्यांच्याबरोबर ती कलाही गेली. त्यांच्या आवाजाचे जे ध्वनिमुद्रण उरले आहे ते काही मिनिटांचे. तलवारीचे वर्णन करताना ते हात कसा फिरवत, कुठे थांबत, श्रोत्यांची 'वाह' कशी झेलत, हे कोणी नोंदवलेच नाही. २००५ पासून शम्सुर रहमान फारुकी यांच्या मार्गदर्शनाने महमूद फारुकी यांनी दास्तानगोई पुन्हा उभी केली. पण बसायचे कसे, बोलायचे कसे, हे त्यांना बरेचसे अंदाजानेच ठरवावे लागले. आपल्याकडे ४६ खंड राहिले आणि आवाज गेला. जावात आवाज अजून आहे, म्हणून तिथल्या नोंदीची घाई मला समजते.

पण आवाज टेपवर घेतला म्हणजे काम झाले असेही नाही. दालांगच्या गाण्यांत जुनी 'कावी' भाषा येते, जी आज जावातही थोड्यांनाच कळते. संवादांत जावानी भाषेच्या निरनिराळ्या पायऱ्या येतात. थोरांशी बोलायची भाषा वेगळी, बरोबरीच्यांशी वेगळी. शहरात वाढलेल्या जावानी मुलांनाही ती पूर्ण समजत नाही. म्हणजे ज्यांच्यासाठी नोंद करायची त्या 'बाहेरच्या' माणसांत दालांगची स्वतःची नातवंडेसुद्धा येतात.

या कामात कॅथरिन एमर्सन यांचे नाव घ्यायला हवे. मूळच्या अमेरिकन. पुर्बो आस्मोरो या नामवंत दालांगच्या खेळांत त्या बसतात आणि खेळ चालू असतानाच इंग्रजी अनुवाद टाइप करतात. तो बाजूच्या पडद्यावर उमटत जातो. रात्रभर. जकार्ताच्या लोंतार संस्थेने २०१३ साली पुर्बो आस्मोरो यांचे दोन खेळ, एक राजसूय यज्ञाचा आणि एक 'रामाच्या मुकुटा'चा, चित्रीकरणासह आणि जावानी, इंडोनेशियन व इंग्रजी संहितांसह प्रसिद्ध केले. 'रामाच्या मुकुटा'त कृष्ण ऋषीच्या वेषात अर्जुनाला राज्यकर्त्याचे आठ गुण शिकवतो: सूर्य, चंद्र, वारा, समुद्र यांसारख्या आठ शक्तींकडून माणसाने काय घ्यावे ते. रामाची शिकवण महाभारतात, सांगणारा मुसलमान, आणि वाचायला तीन भाषा. तसेच सिंगापूरच्या नॅशनल युनिव्हर्सिटीत मिगेल एस्कोबार वारेला यांनी वायांगच्या नव्या प्रयोगांचा एक संग्रह उभा केला आहे. त्यात चित्रीकरणाबरोबर अनुवाद आणि टिपाही दिल्या आहेत.

अनुवादात काय निसटते, ते मला भीमामुळे कळले. जावाचा भीम हा सरळसोट माणूस. तो राजाशी, गुरूशी, कृष्णाशीही तीच साधी भाषा बोलतो, जणू सगळ्यांना 'तू' म्हणतो. कोणाला त्याचा राग येत नाही, कारण त्याच्या मनात खोट नाही. मग एका कथेत गुरू द्रोण त्याला अमृतजल शोधायला समुद्रात पाठवतात. तिथे त्याला देवा रुची भेटतो: अगदी भीमासारखाच, पण बोटाएवढा. तो म्हणतो, माझ्या कानातून आत ये. एवढा अवाढव्य भीम त्या चिमुकल्याच्या आत शिरतो आणि तिथे त्याला सगळे विश्व दिसते. स्वतःला ओळखले की आपल्या रबची ओळख होते, ही सूफींची शिकवण जावाचे लोक या कथेत पाहतात. आणि इथे, देवा रुचीसमोर, तो भीम अदबीच्या भाषेत बोलतो. ज्याने कोणालाही 'आपण' म्हटले नाही, तो इथे 'आपण' म्हणतो.

इंग्रजीत या सगळ्याला एकच शब्द. तिथे 'तू'ही तोच आणि 'आपण'ही तोच. म्हणून अनुवादकाला खाली टीप द्यावी लागते. मी मात्र मुलांना ही कथा मराठीत सांगितली तेव्हा टीप लागलीच नाही. आवाज खाली आणून मी भीमाच्या तोंडी 'आपण' घातले, आणि माझी धाकटी लगेच म्हणाली, "अम्मी, आता का तो असा बोलतो?" मूळ खेळ पाहणाऱ्या जावाच्या मुलालाही नेमका हाच प्रश्न पडत असेल.

मला वाटते, या खेळाच्या दोन्ही किल्ल्या आपल्या घरात आहेत. महाभारत आपल्याला शाळेपासून ठाऊक आहे. भीम कोण, द्रोण कोण, हे मराठी मुसलमान मुलाला सांगावे लागत नाही. आणि दुसरी किल्ली उर्दूची. अमीर हमजाची दास्तानही जावात पोचली आहे, फारसीतून मलय भाषेत आणि तिथून जावानीत. तिला तिथे 'मेनाक' म्हणतात, आणि लाकडी बाहुल्यांच्या 'वायांग गोलेक मेनाक'मध्ये तिचे खेळ होतात. शेजारच्या लोंबोक बेटावर ससाक मुसलमान ती चामड्याच्या बाहुल्यांनी करतात. आपला चतुर अमर अय्यार तिथे 'उमर माया' होऊन भेटतो. उहुदमध्ये शहीद झालेले हजरत हमजा (रजि.) वेगळे आणि या दास्तानचा काल्पनिक नायक वेगळा, हे मुलांना सांगायला हवे. पण आपल्याकडे जी कथा सांगणाऱ्याविना पडून राहिली, ती तिकडे आजही बाहुल्यांच्या तोंडून बोलते, याचा मला फार आनंद झाला. आणि चामड्याच्या बाहुल्यांच्या सावल्या तर आमच्या कुडाळजवळच्या पिंगुळीलाही आहेत. तिथल्या ठाकर समाजाने त्या जपल्या. परशुराम गंगावणे यांना त्यासाठी २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली.

राहिला प्रश्न लांबीचा. मोठ्या जनतेपर्यंत पोचायचे तर आठ तासांचा खेळ कोण पाहणार? जावात १९७० च्या दशकापासून एक-दोन तासांचे आटोपशीर खेळ बसवले गेले. काहींना ते आवडतात, काहींना वाटते की त्यात मध्यरात्रीची थट्टा आटते आणि रात्रही उरत नाही. योग्याकार्ताच्या सेनो नुग्रोहो या दालांगने वेगळी वाट धरली. त्याचे खेळ यूट्यूबवर थेट जात, पूर्ण लांबीचे. त्याचा बागोंग इतका हजरजबाबी होता की तरुण मुले त्याच्यासाठी जागत. कोविडमध्ये मांडव बंद झाले, तेव्हा त्याने घरूनच मोजक्या वादकांसह खेळ सुरू ठेवले. नोव्हेंबर २०२० मध्ये वयाच्या ४८ व्या वर्षी तो गेला. ते खेळ मात्र राहिले आहेत, हसण्यासकट, गावच्या टोमण्यांसकट, चुकलेल्या ओळींसकट. मला अशी नोंद जास्त खरी वाटते. कापून-तासून नीट केलेल्या नोंदीत माणूस कमी सापडतो.

इस्लाममध्ये अमानतीला फार वजन आहे. दुसऱ्याची वस्तू आपल्याकडे ठेवली असेल तर ती जशीच्या तशी परत करायची. वायांगची नोंद करणारे लोक मला असेच अमानतदार वाटतात. वस्तू वडिलांची आहे, द्यायची नातवाला आहे, मधली काही वर्षे ती यांच्या हाती आहे.

अशा अमानती आपल्या घरांतही आहेत. हळदीला म्हटली जाणारी गाणी, मेहंदीच्या रात्रीचे चिडवणे, नानीने सांगितलेल्या कहाण्या, रमजानच्या पहाटे सेहरीला उठवणाऱ्यांच्या हाका. मोबाइल तर प्रत्येकाच्या हातात आहे. पण जावाच्या नोंदीतून मी एवढे शिकले, की नुसते रेकॉर्डिंग पुरत नाही. गाणे संपले की नानीला तीन गोष्टी विचारून लिहून ठेवाव्यात: हे तू कोणाकडून शिकलीस, हे कधी म्हणायचे असते, आणि यातला जो शब्द मला कळला नाही त्याचा अर्थ काय. ती हसेल, "कशाला गं एवढे?" म्हणेल. तरी विचारावे. या उत्तरांशिवाय पुढच्या पिढीच्या हाती नुसता आवाज येईल, आणि तो तिला परका वाटेल.